मागच्या भिंतीवरचा पंखा

१

घर पाहावं बांधून आणि लग्न पाहावं करून, असं जुनी माणसं सांगून गेली. कारभारी गांगुर्ड्यांचं घर झोकात बांधून झालं होतं. लग्न तेवढं होत नव्हतं. त्यांचं नव्हे, त्यांच्या मुलीचं, मैनाचं.

दिंडोरी रस्त्याला, द्राक्षाच्या मळ्यात, शहाण्णव साली हा बंगला उठला आणि त्याच्या पाठीला चिकटून माल गार करायचं युनिट. परदेशी जाणारी द्राक्षं वेलावरून उतरली की लगेच गार करावी लागतात, नाहीतर बोटीवर चढायच्या आधीच मान टाकतात. बैठकीच्या खोलीची मागची भिंत आणि युनिटची पुढची भिंत एकच होती. एक भिंत वाचवली, हे कारभारी येणाऱ्या-जाणाऱ्याला कौतुकानं सांगत. माणूस एवढा मोठा बंगला बांधतो आणि शहाणपण दाखवतो ते भिंतीत, आता याला काय म्हणायचं.

मुलगी बघायला पाव्हणे बोलवायचे ते ऐन हंगामातच, हाही त्यांचाच हट्ट. दारात ट्रक उभे आहेत, बाया क्रेट भरताहेत, मागं युनिट घरघरतंय, हे सगळं पाव्हण्यांच्या नजरेत भरायला हवं. गडी थांबलेले आणि यंत्र बंद दिसलं तर लोक म्हणतील, गांगुर्ड्यांचा धंदा बसला. म्हणून पाव्हण्यांची गाडी फाट्यावर वळली की ते पुंजाला ओरडून सांगत, "सगळं चालू ठेव रे." पुंजा हा युनिट सांभाळणारा गडी, पेठकडचा. तो सगळं चालू ठेवी. आणि कारभारी पाव्हण्यांना खोलीत बसवून स्वतः बाहेर ट्रकपाशी जाऊन उभे राहत. "मी बसलो का पोर बुजती. तुम्ही निवांत बघा," असं म्हणत.

निफाडचे पाव्हणे आले तेव्हाही तसंच झालं. मैना पोह्यांच्या बशा घेऊन आली, भिंतीकडे पाठ करून ठेवलेल्या खुर्चीवर बसली. नाव काय, शिक्षण काय. बी.एस्सी., ती म्हणाली. मुलाच्या मावशीनं विचारलं, "मग आमच्याकडं येऊन चुलीवर प्रयोग करशील का गं?" सगळे हसले. मैनाही हसली. तिला ही माणसं आवडली होती, मुलगाही आवडला होता, आणि हे ती मनातल्या मनात कबूल करत होती.

मग हसणं विरलं. कुणी काही बोललं नव्हतं, काही पडलं-सांडलं नव्हतं. मावशीच्या हातात पोह्याचा चमचा तसाच राहिला. मुलानं शर्टाचं वरचं बटण लावलं, उन्हाळ्याच्या तोंडावर. मैनाचं लक्ष टीपॉयवरच्या चहाकडे गेलं. कपाला कुणी हात लावला नव्हता, टीपॉयला कुणाचा गुडघा लागला नव्हता, आणि चहावर बारीक बारीक वर्तुळं उठत होती. साय मधोमध गोळा होऊन थरथरत होती.

तिनं मान वर केली. मावशी तिच्याकडे बघत नव्हती. तिच्या डाव्या खांद्याच्या जरा मागं बघत होती. मावशीनं पदर डोक्यावरून पुढं ओढला, पार कपाळापर्यंत, आणि म्हणाली, "निघावं आता. लांब जायचंय."

निफाड काही लांब नव्हतं. बशांत पोहे अर्धे तसेच राहिले. दारात मुलाच्या वडिलांनी कारभारींना हात जोडले आणि म्हणाले, "कळवतो."

२

ज्यांच्या घरात मुलगी असते त्यांना कळवतो या शब्दाचा अर्थ कळतो. तो कळायला पत्राची वाट बघावी लागत नाही.

सिन्नरचे आले, त्यांनी कळवतो म्हटलं. चांदवडचे आले, त्यांच्यातली एक म्हातारी मधेच उठून बाहेर ओट्यावर जाऊन बसली आणि काही केल्या आत येईना. पत्रिका जुळत नाही, मुलाचा विचार सध्या नाही, मुलगी जरा जास्तच शिकलेली आहे. कारणं दर वेळी नवीन आणि माणसं उठायची ती त्याच घाईनं. खरं कारण तोंडावर कुणी सांगेना. पाठीमागं मात्र सांगू लागले. बाजार समितीत, लग्नाच्या पंगतीत, एस.टी.त. गांगुर्ड्यांच्या पोरीच्या मागं काहीतरी हाय, म्हणे. पोर चांगली हाय, पण मागं काहीतरी हाय.

मैनाच्या कानावर ते आलं तेव्हा ती हसली. दुसऱ्यांदा आलं तेव्हा चिडली. मग मात्र तिनं लग्नाकार्याला जायचंच सोडलं, कारण तिथं बायका बोलताना तिच्या तोंडाकडे बघत नसत. तिच्याबरोबरच्या मुलींची पोरं शाळेत जाऊ लागली होती. तिला राग यायचा, आणि राग कुणावर काढायचा हे कळायचं नाही, त्यामुळे तो आईवर निघायचा.

आई लंकाबाई बोलत नसे. ती गडावर जाऊन देवीची ओटी भरून यायची, लिंबू उतरून फाट्यावर टाकायची. पाव्हणे असले की ती खोलीत यायची नाही. स्वयंपाकघराच्या दारात, पडद्याआड उभी राहायची. मैना म्हणायची, "आई, तू तरी यांच्यासारखं करू नको." आई म्हणायची, "मी काय करते गं?" आणि पोळ्या लाटायला लागायची.

जुन्या घरात, विहिरीपाशी राहत होते तेव्हाही एक स्थळ आलं होतं. त्यांनीही नकार दिला होता, पण तोंडावर दिला होता. मुलगा मैनापेक्षा चार बोटं बुटका होता आणि त्याची आजीच म्हणाली होती, शिडी कुठून आणू? तो नकार मैनाला अजून गोड लागायचा.

३

खरं म्हणजे त्या खोलीत तिलाही काहीतरी व्हायचं. हे तिनं कुणाला सांगितलं नव्हतं.

दुपारी एकटी फर्निचर पुसत असली की छातीवर कुणी हात ठेवून दाबतंय असं वाटायचं. रडू यायचं, कारण नसताना. कारणं पुष्कळ होती म्हणा, पण तेव्हा त्यातलं एकही मनात नसायचं. आणि डोळ्याच्या कडेला, जिथं शोकेसची काच होती तिकडे, राखेच्या रंगाचं काहीतरी असायचं. वळून बघितलं की नसायचं. परत फडका फिरवायला लागलं की असायचं. मैना स्वतःला सांगायची, तू विज्ञान शिकलीस, डोळे तपासून घे. तिनं डोळे तपासून घेतले. डोळे उत्तम होते.

नव्व्याण्णवच्या हंगामात एका दुपारी ती अशीच खोलीत असताना वीज गेली. मागचं युनिट थांबलं. आणि छातीवरचा हात कुणी उचलून घ्यावा तसा उचलला गेला. तिनं खोलीभर बघितलं. खोली नुसती खोली होती. सोफा, शोकेस, त्यात नाशिकच्या प्रदर्शनातून आणलेले प्लास्टिकचे पोपट. ती सोफ्यावर बसली आणि मोठ्यानं हसली.

वीज आली तेव्हा ती तांब्यात पाणी घेऊन तयार होती. टीपॉयवर ताटलीत पाणी ओतलं. आधी कॉम्प्रेसरची घरघर सुरू झाली, पाणी स्थिर होतं. मग जरा वेळानं मागच्या भिंतीवरचा मोठा पंखा फिरायला लागला. त्याचा आवाज म्हणावा असा ऐकूही येत नव्हता. पाण्यावर वर्तुळं उठली.

तिचा धाकटा भाऊ मनोज अंबडला एका कारखान्यात सुपरवायझर होता. रविवारी तो आला तेव्हा तिनं त्याला ताटली दाखवली. त्यानं भिंतीला हात लावला, कान लावला, मागं जाऊन पंखा बघून आला.

"ताई, पंखा थेट भिंतीत बसवलाय. खाली रबर नाही, काही नाही," तो म्हणाला. "इतका खालच्या पट्टीतला आवाज कानाला कळत नाही, अंगाला कळतो. आमच्याकडं एका शेडमध्ये असंच व्हायचं. पोरं म्हणायची, तिथं कुणीतरी उभं असतं. डोळेसुद्धा हलतात त्यानं, कडेला काहीबाही दिसतं. पंख्याखाली रबर घातलं आणि भूत गेलं."

"म्हणजे माझ्यात काही नाही."

"तुझ्यात काय असणार? चोर सोडून संन्याशाला फाशी चाललीये."

मैना उठून मोरीत गेली आणि नळ सोडून रडली. तीन हंगाम तिच्या अंगाला चिकटलेलं होतं ते एका पंख्याचं होतं. रडणं सुखाचं होतं आणि तरी त्याला कडू चव होती.

४

"पंखा?" कारभारी म्हणाले.

"आण्णा, नुसता तो एक पंखा. एका दुपारपुरता."

"पंख्यानं कुठं सोयरीक मोडती का? ह्यो मनोज शिकला अन् घरात येडेपणा घेऊन आला. पंखा बंद म्हणजे आतला माल घामेजणार. अन् पाव्हण्यांनी इचारलं, पंखा का बंद, तर काय सांगू? माझी पोर पंख्याला भिती?"

"लोक मला भितात, आण्णा."

कारभारींनी खिडकीतून युनिटच्या भिंतीकडे बघितलं. वाईट माणूस नव्हता तो. फक्त आपण बांधलेल्या गोष्टीत चूक असेल हे त्याच्या डोक्यात शिरत नसे. "देवळ्याचे लोक येणार हायेत," ते म्हणाले. "कांद्याचे व्यापारी. पोरगा यादव मनमाडला रेल्वेत हाय. असं स्थळ परत यायचं नाय. मला त्यात काही भानगड नको."

मैनाला जन्मात पहिल्यांदा बापाचा तिटकारा आला. तिनं तो गिळला आणि देवळ्याचे यायच्या दिवशी, नवी साडी नेसून, मागच्या दारानं युनिटमध्ये गेली.

"पुंजा, मोठा पंखा तेवढा बंद कर. बाकी सगळं चालू राहू दे. आण्णांना आवाजावरून कळता कामा नये."

पुंजानं तिच्याकडे बघितलं. पाव्हण्यांच्या बशा तोच धुवायला न्यायचा. अर्धवट पोहे त्यानं पाहिले होते. "तासभर नाय चालला त काय होत नाय, ताई. माल गारच ऱ्हातो," तो म्हणाला. त्यानं स्विच पाडला आणि वर चिनी मातीचा फ्यूज उपसून तिच्या हातावर ठेवला. "हा तुमच्यापाशीच ठिवा. म्हंजी चुकून कोण चालू करायला नाय."

पंख्याची पाती हळूहळू दिसायला लागली आणि थांबली. मैनानं फ्यूज पदराच्या टोकाला बांधला, गाठ मारली आणि ते टोक मुठीत धरून घरात आली.

५

देवळ्याची माणसं मोकळी होती. यादवची आजी, ठमाबाई, बसल्या बसल्या अहिराणीत म्हणाली, "माय, केवढं घर बांधेल शे. झाडू मारता मारता कंबर मोडत आसंन." मैना हसली. तिनं बशा ठेवल्या आणि खुर्चीवर बसली, भिंतीला पाठ करून.

कारभारी सवयीनं दाराकडे निघाले. यादवच्या चुलत्यांनी त्यांचा हात धरला. "कुठं चालले? ट्रक काय आम्ही बघेल नाहीत का? बसा इथं. पोरीच्या बापाशिवाय बोलणी होत असतात का?" कारभारींना बसावं लागलं. पाव्हण्यांच्या शेजारी, मैनाच्या समोर. बंगला बांधल्यापासून ते अशा वेळी त्या खोलीत कधी बसलेच नव्हते.

मैनाची नजर चहावर होती. चहा गप्प होता. साय अंगभर पसरून पडली होती, एक सुरकुती नाही. मागं कॉम्प्रेसर घरघरत होता. छातीवर काही नव्हतं.

नाव विचारलं, शिक्षण विचारलं. यादवनं तिला विचारलं, "तुम्हाला मनमाडला करमेल का? रात्रभर गाड्यांचा आवाज असतो."

"आवाज ऐकू येत असला की मला काही वाटत नाही," मैना म्हणाली, आणि तो हसला. त्याला काय समजलं देव जाणे, पण हसला चांगला.

पोहे संपले. ठमाबाईनं बशी पुसून खाल्ली आणि आणखी मागितले. मैनाच्या हनुवटीला हात लावून म्हणाली, "पोर चांगली शे. माले पसंत शे. लोके काय बी बोलतस." चुलते म्हणाले, "मग कारभारी, आजच सुपारी फोडू. काय म्हणता?"

मैनानं हसत बापाकडे बघितलं.

कारभारींच्या हातात कप होता. ते तिच्याकडे बघत नव्हते. तिच्या डाव्या खांद्याच्या जरा मागं बघत होते.

त्यांच्या चेहऱ्यावर भीती नव्हती, निदान आधी नव्हती. अंधारातून उन्हात आलेला माणूस डोळे बारीक करून बघतो तसे ते बघत होते. मग त्यांची नजर वर सरकायला लागली. हळू. तिच्या खांद्यावरून कानाच्या उंचीला, कानावरून डोक्याच्या वर, आणखी वर. खुर्चीमागं बसलेलं कुणी उठून उभं राहत असलं तर समोरच्याची नजर जशी जाईल तशी. ती छताच्या थोडी खाली येऊन थांबली.

मैनानं मान वळवली नाही. तिनं स्वतःला सांगितलं, पंखा बंद आहे. तिनं परत सांगितलं, पंखा बंद आहे, चहा बघ. चहा गप्प होता. मग, न राहवून, तिनं शोकेसच्या काचेकडे बघितलं. कडेनं नव्हे, सरळ, डोळे रोखून. काचेत पोपट होते, सोफ्यावरची माणसं होती, खुर्चीत ती स्वतः होती. आणि तिच्या मागं भिंत दिसायला हवी होती तेवढी जागा ओल्या राखेसारखी होती. सरळ बघितल्यावर ते नाहीसं व्हायचं, नेहमी. या वेळी झालं नाही.

"कारभारी?" चुलते म्हणाले. "सुपारी?"

कारभारींनी कप खाली ठेवला. तो बशीत नीट बसला नाही. "आम्ही," ते म्हणाले. "आम्ही कळवतो."

६

पाव्हणे गेले. देवळ्याच्या लोकांना मुलीकडच्यांनी नकार दिला, असं कधी झालं नव्हतं. ठमाबाई गाडीत बसेपर्यंत मागं वळून बघत होती. यादवनं जाताना चपला उलट्या घातल्या, मग सरळ केल्या. तेवढंच मैनानं खिडकीतून पाहिलं आणि परत येऊन त्याच खुर्चीत बसली. दुसरीकडे कुठं बसायचं हे तिला सुचलं नाही.

स्वयंपाकघरात दोघं बोलत होते. हळू बोलत होते, पण पडद्याला काय आवाज अडतो.

"दिसलं ना?" आई विचारत होती.

पाट ओढल्याचा आवाज आला, आण्णा खाली बसले.

"मला कधीपासनं दिसतंय," आई म्हणाली. भांडं घासावं इतक्या साध्या आवाजात म्हणाली. "जुन्या घरात, विहिरीपाशी होतो, तवाबी दिसायचं. पाव्हण्यांना तवा दिसलं नाय, ह्या घरात दिसायला लागलं. म्हनून तर मी खोलीत येत नाय."

"सांगितलं का नाहीस?"

"कुणाला सांगू? पोरीला?"

बराच वेळ नळाचं पाणी पडत राहिलं. मग पडदा हलला. कारभारी दारात आले आणि उंबऱ्यावरच थांबले. एवढा रुबाबाचा माणूस, पण त्यांचे हात कुठं ठेवायचे हे त्यांना कळत नव्हतं. त्यांनी मैनाच्या तोंडाकडे बघायचा फार प्रयत्न केला. तिला तो प्रयत्न दिसला, आणि तो गिळलेला तिटकारा उरला नाही. उरलं ते त्याहून वाईट होतं.

"आण्णा, काय दिसलं तुम्हाला?" तिनं विचारलं. इतक्या वर्षांत तिला फक्त एवढंच हवं होतं, कुणीतरी तोंडावर सांगावं.

"काही नाय, बाई," कारभारी म्हणाले. "तुझंच खरं होतं. मनोजचंबी. त्या पंख्याचंच असतं ते. बसलो अन् मलाबी कसंतरी झालं. उद्याच मिस्त्री बोलावतो. पंखा काढून दुसऱ्या भिंतीला बसवू, मग बघ. देवळ्याच्यांना मी कळवतो. पंख्याचंच असतं ते."

ते बोलत होते आणि त्यांची नजर पुन्हा तिच्यावरून वर सरकत होती.

"हो, आण्णा," मैना म्हणाली. फ्यूज अजून तिच्या पदराच्या गाठीत होता, आणि तिनं ती गाठ इतकी घट्ट धरली होती की बोटं दुखत होती.